सोलापूरची गोष्ट लिहिली कुणी?

सोलापूरची माणसं पडद्यावर फार आधी पोचली, सोलापूरकडचा पटकथाकार बराच उशिरा. १९४६ मध्ये व्ही. शांताराम यांनी डॉ. द्वारकानाथ कोटणीसांवर चित्रपट काढला. भैय्या चौकातलं त्यांचं घर आज स्मारक आहे, पण पडद्यावरची गोष्ट लिहिली होती ख्वाजा अहमद अब्बास यांनी. पुढच्याच वर्षी 'लोकशाहीर राम जोशी' आला. शाहीर सोलापूरचा, लिहिणारे गदिमा माणदेशातले. स्टुडिओ कोल्हापूर, पुणे, मुंबईला. सोलापुरात गिरण्या होत्या आणि नाटकं होती.

नाटकांनी इथून माणसं बाहेर काढली, हे खरं. जब्बार पटेल हरिभाई देवकरण प्रशालेत शिकले, अतुल कुलकर्णी 'नाट्य आराधना' या नाट्यसंस्थेत घडले. पण दिग्दर्शक आणि नट आधी बाहेर पडले, लेखक मागेच राहिला. पटेलांच्या 'सामना'ची (१९७५) पटकथा विजय तेंडुलकरांची. मला यात नवल वाटत नाही. नाट्यस्पर्धेत नट पहिल्या अंकातच डोळ्यांत भरतो. लेखकाचं बाड कोण वाचतो?

शिवाय नाटक लिहिणाऱ्याला पटकथेसाठी हातातली मोठी सवय सोडावी लागते, बोलून सांगण्याची. 'फँड्री'तला (२०१३) प्रसंग आठवा. घरचे सगळे डुकराच्या मागे धावताहेत, ते हाताशी आलंय आणि शेजारच्या शाळेत राष्ट्रगीत सुरू होतं. नायक जब्या थिजून उभा राहतो, घरचेही थांबतात. डुक्कर निवांत निघून जातं. संवाद एकही नाही. रंगमंचावर हे जमवायचं म्हटलं तर कुणाच्या तरी तोंडी चार वाक्यं घालावी लागली असती.

हे लिहिणारे नागराज मंजुळे करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे. 'पिस्तुल्या' या लघुपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, मग 'फँड्री', २०१६ मध्ये 'सैराट', ज्याच्या संवादांवर त्यांच्या भावाचंही नाव आहे. तोवर 'ग्रामीण' म्हणून पडद्यावर एक सरसकट बोली चालायची, जी कुठल्याच तालुक्यात कुणी बोलत नाही. करमाळ्याकडचा माणूस करमाळ्यासारखा बोलला आणि महाराष्ट्राला समजलाही. अतुल कुलकर्णींची वाट वेगळी. आधी नट म्हणून नाव, आणि 'लालसिंग चढ्ढा'ची पटकथा लिहून झाल्यावर मूळ 'फॉरेस्ट गंप' या इंग्रजी चित्रपटाच्या हक्कांसाठी कित्येक वर्षं थांबणं. पडद्यावर यायला २०२२ उजाडलं.

मालिकेत मात्र एकट्याची अशी वाट नसते. श्रेयनामावली थांबवून वाचा: कथाविस्तार एकाचा, पटकथा दुसऱ्याची, संवाद तिसऱ्याचे. जाहिराती वगळून जेमतेम बावीस मिनिटं, पण ती जवळजवळ रोज भरायची. नवा मुलगा बहुधा संवादांपासून सुरुवात करतो, मानधन एपिसोडमागे, मालिका बंद तर पैसेही बंद. २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीने लेखकाला रॉयल्टीचा हक्क दिला. कायद्यातला हक्क आणि खात्यात जमा झालेले पैसे यांत अंतर आहे, ही गोष्ट निराळी.

आणि बोलीचं म्हणाल, तर सिनेमात सुटलेला प्रश्न मालिकेत अजून तसाच आहे. सोलापूरचं पोरगं दोस्ताच्या तोंडी 'काय बे' लिहितं. घरात सगळ्यांसमोर लागणाऱ्या मालिकेत ते शिवीसारखं वाटेल म्हणून त्याचं 'काय रे' होतं. आमच्याकडे नवी पेठेत मात्र 'काय रे' म्हणून हाक मारणारा पाहुणा समजला जातो.