'विच्छा'चे सबनीस

दादा कोंडके म्हटलं की डोळ्यासमोर येते ती लोंबत्या नाडीची हाफ पॅन्ट आणि 'आये' अशी हाक, पण त्याच्याही आधीपासून दादांच्या मागे जो माणूस होता त्याचं नाव आज दहातल्या दोघांना तरी माहीत असेल का शंका आहे. लेखक वसंत सबनीस. मूळचे सोलापूरचे.

दादा नायगावचे, गिरणगावात वाढलेले, बँडमध्ये वाजवलेलं, सेवादलाच्या कलापथकात तयार झालेले. हजरजबाबीपणा अफाट, पण त्याला धरून ठेवेल असं स्क्रिप्ट पाहिजे होतं. सबनीसांचा 'छपरी पलंगाचा वग' (वग म्हणजे तमाशातलं नाटक) होता, त्यावरूनच १९६५ मध्ये 'विच्छा माझी पुरी करा' हे लोकनाट्य उभं राहिलं. (इच्छाचं विच्छा केलं तिथंच अर्धं काम झालं राव!) राजा, प्रधान, कोतवाल, हवालदार, मैनावती, सगळा साचा तमाशाचाच, पण टोले मात्र थेट चालू राजकारणाला. आता खरी गंमत अशी की वगात सोंगाड्याला, म्हणजे हसवणाऱ्या पात्राला, मोकळं रान लागतं आणि सबनीसांनी ते ठेवलं होतं, म्हणजे गोष्ट पक्की बांधलेली पण मधे मधे अशा जागा की दादा तिथं आजच्या पेपरातली बातमी घुसवणार, त्यामुळे कालचा प्रयोग आणि आजचा प्रयोग सेम नसायचा आणि लोक परत परत यायचे. प्रयोग हजाराच्या वर गेले. हशा दादांच्या नावावर जमा झाला, साहजिक आहे, समोर तेच होते ना.

पुढे भालजी पेंढारकरांच्या 'तांबडी माती'त दादा पडद्यावर आले, मग स्वतःचा पिक्चर काढायचं ठरलं तेव्हा लेखक परत सबनीसच. १९७१ चा 'सोंगाड्या', डायरेक्शन गोविंद कुलकर्णींचं. दादरच्या कोहिनूरला थिएटरवरून झालेला राडा आणि बाळासाहेब ठाकरेंची एन्ट्री हा किस्सा सगळे सांगतात, पिक्चर लिहिला कोणी हे कोणी सांगत नाही.

नंतर दादांचे पिक्चर द्वयर्थी संवादांच्या वाटेनं गेले. सबनीसांचं स्वतःचं चालूच होतं, 'सौजन्याची ऐशी तैशी', 'गेला माधव कुणीकडे' ही नाटकं त्यांचीच. आणि १९८८ च्या 'अशी ही बनवाबनवी'चे संवादपण त्यांचेच बरं का, ज्याचे मीम्स आपण अजून रोज फॉरवर्ड करतो, खाली अशोक सराफांचा फोटो लावून.