ग्राहकसंबंध : सोलापूरची चादर-पेठ

ग्राहकसंबंध : विक्रेता किंवा मालाची छाप (ब्रँड) आणि ग्राहक यांच्यात वारंवारच्या बोलण्यातून, पत्रव्यवहारातून व दिलेला शब्द पाळण्यातून निर्माण होणारे आणि एका सौद्यापलीकडे टिकणारे नाते. ‘गिऱ्हाईक जोडणे’, ‘गिऱ्हाईक राखणे’ हे प्रयोग याच अर्थाने रूढ आहेत.

संकल्पनेच्या उगमाविषयी मतभेद आहेत. ‘रिलेशनशिप मार्केटिंग’ (ग्राहकाशी टिकाऊ नाते जोडून केलेले विपणन) ही संज्ञा विपणनाचे अभ्यासक लेनर्ड बेरी यांच्या १९८३ मधील निबंधापासून रूढ झाली, असे सामान्यतः मानतात. साधारण त्याच सुमारास क्रिस्तियन ग्रोनरूस, एव्हर्ट गुमेसन प्रभृती उत्तर युरोपीय अभ्यासकही सेवाव्यवसायांच्या अभ्यासातून याच दिशेने विचार करत होते. सुझन फोर्निये यांनी १९९८ मध्ये याच्या पुढे जाऊन, माणसे छापेशीसुद्धा मैत्रीसारखी नाती जोडतात, असे प्रतिपादन केले. जगदीश शेठ व अतुल पर्वतीयार यांच्या १९९५ मधील मांडणीनुसार मात्र ही कल्पना नवी नसून, कारागीर व ग्राहक समोरासमोर भेटत तेव्हाच्या, कारखानदारीपूर्व व्यवहाराचे ते पुनरागमन आहे. विणकरांच्या गावांचा अनुभव पाहता हे मत अधिक ग्राह्य वाटते.

सोलापुरातील विणकरांची वस्ती पेशवाईपर्यंत मागे नेण्याची परंपरा आहे; तथापि तेलुगू भाषक पद्मशाली या विणकर समाजाची कुटुंबे मोठ्या संख्येने आली ती बहुधा एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात व त्यानंतर. त्यामुळे घरात तेलुगू, गल्ल्यावर मराठी आणि विजापूर-कलबुर्गीकडच्या गिऱ्हाइकाशी कानडी, अशी तीन भाषांतली देवघेव येथे सहज चालते. ‘या मालक’ हे स्वागत विकत घेणाऱ्यालाच मालक ठरवते, आणि या शहराच्या बोलीचे ते मोठे देखणे लेणे आहे. यानंतर दुकानदार घडी उलगडतो, चादर दोन्ही टोकांना धरून ताणतो आणि उलटी करून दाखवतो. जकार्ड या नक्षी विणणाऱ्या मागावरची नक्षी दोन्ही अंगांना उमटलेली असते, फक्त रंगांची अदलाबदल होते. रंग जाईल का, या प्रश्नाला जे उत्तर मिळते, त्याच्या खरेपणावर पुढची खरेदी अवलंबून असते. लग्नसराईत तेच घर पुन्हा त्याच दुकानी येते.

दूरच्या ग्राहकाशी हे बोलणे छाप करते. पुलगम, चाटला ही घराण्यांची नावे चादरीचीच नावे झाली, ती पिढ्यान्‌पिढ्या वापरणाऱ्यांच्या तोंडून. अशा नावलौकिकाची नक्कलही होते. भौगोलिक उपदर्शनांचा, म्हणजे मालाचा मूळ प्रदेश सांगणाऱ्या नावांच्या संरक्षणाचा (जीआय) कायदा १९९९ मध्ये संमत होऊन सप्टेंबर २००३ पासून अंमलात आला. त्याखाली सोलापुरी चादर व टॉवेल यांची नोंदणी २००५-०६ च्या सुमारास झाली. या नोंदणीने संरक्षण मिळते ते एकेका पेढीच्या नावाला नव्हे, तर सोलापूर या नावाला; पेढीच्या छापेसाठी व्यापारचिन्हाची नोंदणी वेगळी करावी लागते.

अलीकडे नमुने व्हॉट्सॲपवर पाठवले जातात. पडद्यावर रंग दिसतो, पण वजन व पोत हाताळल्यावाचून कळत नाही, म्हणून नवखा व्यापारी आधी एखादी चादर मागवून पाहतो. जुना मात्र फोनवरच नग सांगतो.