पेट स्कॅनला जायलात? कार्बन ११ बद्दल थोडं वाचून घ्या

लातूरहून पेट स्कॅनच्या (रेडिएशनचं औषध टोचून अंगातला फोटो काढतात ती तपासणी) पेशंटला घेऊन आमच्या गाड्या संभाजीनगर, हैदराबादला जातात आणि गाडीत बसलं की पहिला प्रश्न हाच, इंजेक्शनमधलं रेडिएशन अंगात किती दिवस राहतं? कुणीतरी व्हॉट्सअ‍ॅपवर वाचलेलं असतंय की कार्बन ५७०० वर्षांनी निम्मा होतो, मग घरचे सगळे घाबरायलेत. तो कार्बन १४, तो वेगळा. जुनी हाडं, लाकडं किती जुनी ते काढायला वापरतात, आणि थोडा थोडा तर भाकरीतून आपल्या सगळ्यांच्या पोटात रोजच जातो.

काही स्कॅनला वापरतात तो कार्बन ११. नेहमीच्या कार्बनमध्ये ६ प्रोटॉन ६ न्यूट्रॉन, ह्याच्यात न्यूट्रॉन ५च, म्हणून तो अणू टिकत नाही, त्यातला एक प्रोटॉन न्यूट्रॉन होऊन जातो आणि पॉझिट्रॉन बाहेर पडतो (सोबत न्यूट्रिनो, त्याच्याशी आपल्याला काही घेणंदेणं नाही). मागं उरतो बोरॉन ११, त्यात रेडिएशन नाही. पॉझिट्रॉन म्हणजे प्लस चार्जचा इलेक्ट्रॉन, १९३२ला कार्ल अँडरसननं शोधलेला. तो अंगात एखाद मिलिमीटर जातो न जातो तोच इलेक्ट्रॉनला भिडतो, दोघंही संपतात आणि ५११ केइव्हीचे (केइव्ही म्हणजे ऊर्जेचं माप) दोन गॅमा किरण एकमेकांच्या उलट दिशेला सुटतात, मशीनची रिंग दोन्ही एकदमच पकडते, मग औषध त्या दोन टोकांमधल्या रेषेवरच कुठंतरी असणार. अशा लाखो रेषा जमल्या की फोटो तयार.

आता टायमिंगचं. कार्बन ११ दर २० मिनिटांना निम्मा होतो. लातूर ते संभाजीनगर पाच तास धरा, तेवढ्यात १५ वेळा निम्मा, म्हणजे ३२ हजारातला एक भाग उरला! म्हणून हे औषध गाडीनं आणताच येत नाही, सायक्लोट्रॉन (प्रोटॉनला वेग देणारं) मशीन हॉस्पिटलमध्येच किंवा अगदी जवळ लागतं, तिथं नायट्रोजनवर प्रोटॉनचा मारा करून ते बनवतात. बहुतेक पेशंटला मिळतं ते फ्लोरिन १८ चं एफडीजी (साखरेसारखं औषध), तेही पॉझिट्रॉनच सोडतं पण ११० मिनिटांना निम्मं होतं म्हणून दुसऱ्या गावाहूनही येतं. तरी वाट ते पण बघत नाही, त्यामुळं जाताना गेवराईला चहाला थांबा म्हणलं तर आम्ही थांबत नाही, तसंही एफडीजीला उपाशीपोटी जायचं असतंय, साखरेचा चहा तर नकोच. शुगरच्या पेशंटनी गोळ्यांचं सेंटरला आधीच विचारा.

येताना भरपूर पाणी प्या. गरोदर बाई आणि लहान लेकरं त्या गाडीत नकोत, घरीसुद्धा सेंटरवाले सांगतील तेवढा वेळ लांबच. पेशंट नुसता बसल्यानं सीटला काही लागत नाही. आणि अपॉइंटमेंटची वेळ बुकिंग करतानाच सांगा, त्याच्यावरून गाडी किती वाजता काढायची ते आम्ही ठरवतो.