‘डेकेशिया’च्या मागे : नायट्रेट फिल्म कुजते कशी

चित्रपटकार बिल मॉरिसन यांनी कुजक्या जुन्या फिल्मपासून बनवलेल्या ‘डेकेशिया’ (२००२) या चित्रपटातला बॉक्सर एकदा पाहिला की विसरत नाही. तो ठोसे लगावतो आहे आणि समोर बॅगेच्या जागी डागांचा एक उसळता खांब आहे. तो खांब ना हाताने रंगवलेला, ना संगणकावर केलेला. रीळ साउथ कॅरोलिना विद्यापीठातल्या बातमीपटांच्या संग्रहातलं, आणि डाग फिल्म कुजल्यामुळे पडलेला.

१९५० च्या आसपासपर्यंत ३५ मि.मी. फिल्मचा पाया, म्हणजे चित्राखालची पारदर्शक पट्टी, सेल्युलोज नायट्रेटचा असे. त्यातून हळूहळू नायट्रोजन ऑक्साइड सुटतात आणि दमट हवेत त्यांचं नायट्रिक आम्ल बनतं. ते आम्ल चित्र घडवणारे चांदीचे कण खातं, त्यांना धरून ठेवणारं जिलेटिन मऊ करतं आणि पायाही आणखी लवकर कुजवतं. डब्याचं झाकण घट्ट असलं तर वायू आत कोंडतो, म्हणून हवा खेळती ठेवायची आणि साठा थंड, कोरडा. आधी फिल्म पिवळसर-तांबूस होऊन चित्र फिकटतं, मग ती चिकटते, फेस येतो, रीळ घट्ट ढेकूळ बनतं आणि शेवटी तपकिरी भुकटी उरते. प्रत काढायची ती पहिल्या दोन अवस्थांतच. फेस आल्यावर तुकडेच हाती लागतात.

फार कुजलेला साठा चाळीसेक अंशांच्या उकाड्यात आपोआप पेटू शकतो आणि पाण्याखालीही जळत राहतो, कारण जळायला लागणारा ऑक्सिजन नायट्रेटमध्येच असतो. पुण्यात ८ जानेवारी २००३ ला फिल्म इन्स्टिट्यूटच्या आवारात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचा नायट्रेट साठा जळाला. त्या नुकसानीला भरपाई नाही.

पडद्यावर डाग ठोके दिल्यासारखे परत येतात त्याचं कारण गुंडाळीत आहे. ओल एका बाजूने शिरली की एकावर एक आलेल्या सगळ्या वेढ्यांवर त्याच जागी डाग पडतो. ३५ मि.मी.ची एक चौकट (फ्रेम) १९ मि.मी. उंच. २० सें.मी. व्यासाच्या वेढ्यात साधारण ३३ चौकटी मावतात, ८ सें.मी.च्या वेढ्यात १३. सेकंदाला १६ चौकटींच्या गतीने डाग आधी दर दोन सेकंदांनी येतो आणि गाभ्याजवळ सेकंदाच्या आतच. ही लय कुठल्याही तयार फिल्टरमध्ये मिळत नाही.

मॉरिसन न्यूयॉर्कच्या कूपर युनियनमध्ये शिकले. ‘द फिल्म ऑफ हर’ (१९९६) मध्ये त्यांनी लायब्ररी ऑफ काँग्रेसमधल्या कागदी प्रतींची कथा घेतली. कॉपीराइटसाठी जुने चित्रपट कागदी पट्ट्यांवर छापून तिथे जमा होत. मूळ नायट्रेट गेलं तरी त्या कागदावरून कित्येक चित्रपट परत फिल्मवर उतरवता आले. ‘डेकेशिया’त ते नेमके उलट बाजूला वळले. संग्रहालयांतून कुजकी रिळं शोधली आणि चौकटी पुन्हापुन्हा छापून गती मंदावली, म्हणजे एरवी क्षणात निसटणारा डाग डोळ्यांना नीट वाचता येतो. मायकेल गॉर्डन यांच्या संगीतासह हे काम आधी २००१ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या बाझेलला वाद्यवृंदासोबत सादर झालं.

मॉरिसन यांच्याच ‘डॉसन सिटी: फ्रोझन टाइम’ (२०१६) या चित्रपटाचा कच्चा माल कॅनडाच्या युकॉनमधला. डॉसन हे गाव चित्रपट वितरणाचं शेवटचं टोक; रिळं परत नेण्याचा खर्च वितरक करत नसत. १९२९ मध्ये शेकडो रिळं पोहण्याच्या तलावात भराव म्हणून पुरली गेली आणि १९७८ च्या खोदकामात ५३३ हाती लागली. गोठलेल्या जमिनीने त्यांना वाचवलं. पाणी शिरलं ते कडांतून, म्हणून त्या चित्रांत पांढऱ्या लाटा कडेलाच हलतात आणि मधले चेहरे बहुधा शाबूत असतात.