रंकाळा तलाव: पाण्याची अवस्था आणि काठावरचा वावर

रंकाळा हा कोल्हापुरातला सगळ्यात ओळखीचा तलाव, अंबाबाईच्या देवळापासून पश्चिमेला, चालत जाता येईल एवढ्या अंतरावर. मूळची ही दगडाची खाण, भूकंपात जमीन खचली आणि पाणी वर आलं असं सांगतात, आणि काठावरचा नंदी रोज गव्हाभर पुढे सरकतो नि तांदळाभर मागे येतो, तो पाण्यापर्यंत पोचला की जगबुडी, ही गोष्ट तर इथल्या प्रत्येक पोराने आजीकडून ऐकलेली असते. तलावात संध्यामठ आहे, पाणी उतरलं की तो जास्त उघडा पडतो. पश्चिमेला शालिनी पॅलेस, शहराकडच्या बाजूला टॉवर आणि चौपाटी.

रंकाळ्याचं पाणी एकेकाळी शहरातल्या लोकांच्या पिण्यात होतं. कपडे धुवायला धुण्याची चावी म्हणून वेगळी जागा आहे, म्हणजे साबणाचं पाणी तलावात जायला नको. हा विचार जुन्या लोकांनी केला आणि नंतर वस्ती वाढली तशी सांडपाण्याची वाट आपण थेट तलावात काढली, याचं मला खरंच वाईट वाटतं.

शाम सोसायटीच्या बाजूचा नाला आणि परताळ्याकडून, म्हणजे तलावाला लागून असलेल्या पाणथळीकडून, येणारं पाणी ही नावं रंकाळ्याच्या प्रदूषणाच्या बातम्यांत वर्षानुवर्षं येतायत. सांडपाण्यातून नायट्रोजन आणि फॉस्फरस येतो, तो शेतातल्या खतासारखंच काम करतो, फक्त पीक येतं केंदाळाचं आणि शेवाळाचं. केंदाळ म्हणजे जलपर्णी, ती काढता तरी येते, माणसं लावून, मशीन लावून. पण मायक्रोसिस्टिस नावाची निळी-हिरवी सूक्ष्म शेवाळं वाढली की पाणी ऑइल पेंट सांडल्यासारखं दिसतं, घाटाच्या पायरीवर सुकलं की हिरवा पापुद्रा धरतो आणि वास येतो तो वेगळाच. ती काही जाळीने निघत नाहीत. बाटलीत असं पाणी भरून न हलवता रात्रभर ठेवलं तर सकाळी तोंडाशी हिरवी साय जमलेली दिसते, कारण या पेशींत हवेच्या पोकळ्या असतात आणि त्या वर तरंगतात. त्यांच्या काही जाती यकृताला घातक विष सोडतात, म्हणून अशा पाण्यात पोहणं नको आणि गुरं-कुत्री पाजणंही नको.

रात्री हीच शेवाळं ऑक्सिजन ओढतात, त्यामुळे तलावात मासे मेलेले दिसतात ते बहुतेक पहाटे. देशात आंघोळ आणि पोहण्याच्या पाण्यासाठी जे निकष आहेत त्यात विरघळलेला ऑक्सिजन लिटरला किमान 5 मिलिग्रॅम आणि बीओडी (पाण्यातली घाण कुजवताना जीवाणू जेवढा ऑक्सिजन वापरतात तो) 3 मिलिग्रॅमपेक्षा जास्त नको, आणि विष्ठेतल्या जीवाणूंची संख्या 100 मिलिलिटरला 500 च्या आत असावी, अगदीच 2500 पर्यंत चालते. ज्या पाण्यात नाला येऊन मिळतो त्याला हे जमणं अवघड, मग वरून पाणी कितीही स्वच्छ दिसो.

म्हणून केंदाळ काढण्यावर पैसे घालून तलाव सुधारत नाही, नाला वळवला आणि ते पाणी शुद्धीकरण केंद्रात पोचलं तरच सुधारतो, आणि तेव्हाही लगेच नाही, कारण तळच्या गाळात साठलेला फॉस्फरस उन्हाळ्यात पुन्हा वर येत राहतो. परताळ्याची पाणथळ जागा टिकवणं म्हणूनच महत्त्वाचं, तिथली वनस्पती आणि गाळ येणारं पाणी थोडं तरी गाळून देतात.

काठावर मात्र गर्दी कायम. सकाळी फिरायला येणारे, संध्याकाळी भेळेच्या गाड्या, पोरांना घेऊन येणारी कुटुंबं. विसर्जनाचा भार शेजारच्या इराणी खणीकडे, म्हणजे पाणी भरलेल्या जुन्या दगडखाणीकडे, वळवला आहे, मोठ्या मूर्ती तिकडे जातात, रंग आणि प्लास्टर तलावात पडत नाही हा मोठा फायदा. चालण्या-बसण्यासाठी रंकाळा कधीही चांगला, पाण्यात हात घालायचा असेल तर आधी वारा बघा: पश्चिमेचा वारा लागला की तवंग सगळा शहराकडच्या काठाला येऊन साचतो, म्हणजे नेमकी जिथे लोकं जास्त तिथेच पाणी सगळ्यात वाईट, आणि पलीकडच्या बाजूला तेच पाणी त्याच दिवशी स्वच्छ वाटतं.