पडलेली भिंत, उरलेली भिंत : मुंबईच्या कोटातली पायपीट आणि गेटवेची लाँच

रविवारी सकाळी हॉर्निमन सर्कलपाशी गेलात, तर गळ्यात छोटा स्पीकर अडकवलेला गाईड आणि त्याच्यामागे टोप्या घातलेली, पाण्याच्या बाटल्या सांभाळणारी पंधरा-वीस माणसे हमखास दिसतात. टाउन हॉलच्या पायऱ्या, सेंट थॉमस कॅथीड्रल, फ्लोरा फाउंटन, काळा घोडा असे करत मंडळी दोन-अडीच तासांत गेटवेला पोचतात. ज्यांचे पाय अजून दुखत नसतात ते पुढे लाँचमध्ये बसून बंदरात चक्कर मारतात. आधी चालणे आणि मग होडी, हा क्रम आता पक्का झाला आहे.

पूर्वी तो नेमका उलटा होता. परदेशातून येणाऱ्याला मुंबई आधी पाण्यावरून दिसायची. मोठी जहाजे बंदरात मध्येच नांगर टाकत, उतारू छोट्या होड्यांतून पालवा बंदरावर, म्हणजे इंग्रजांच्या अपोलो बंदरावर उतरत आणि मग शहर बघायला निघत. १८६९ मध्ये सुएझचा कालवा खुला झाल्यावर ही वर्दळ आणखी वाढली. आजच्या सफरीत होडी शेवटी येते आणि पुष्कळांना ती जोडीला दिलेली गंमत वाटते. माझे मत वेगळे आहे. होडीवाचून ही सफर अर्धीच राहते. त्याचे कारण दोन भिंतींच्या इतिहासात आहे.

पहिली भिंत कोटाची, म्हणजे आजच्या फोर्ट भागाभोवतालची. पोर्तुगालच्या राजकन्येच्या लग्नात १६६१ च्या करारान्वये मुंबई इंग्लंडच्या राजाला आंदण मिळाली आणि १६६८ मध्ये त्याने ती वर्षाला दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीला देऊन टाकली, ही गोष्ट प्रत्येक गाईड सांगतो. भिंतीची गोष्ट मात्र घाईत उरकली जाते. गव्हर्नर चार्ल्स बून १७१५ च्या अखेरीस आला आणि शहराभोवती तटबंदी उभी करायला त्याने जोर लावला. अपोलो गेट, चर्च गेट आणि बझार गेट असे तीन दरवाजे. कॅथीड्रल १७१८ च्या नाताळात सुरू झाले आणि त्याच्याकडे जाणाऱ्या दरवाजाला चर्च गेट म्हणू लागले. दरवाजा गेला, नाव रेल्वे स्टेशनाने उचलले.

बूनला धास्ती होती ती कान्होजी आंग्र्यांची. त्याने आंग्र्यांवर आरमार धाडले, १७१८ मध्ये खांदेरी घ्यायचा प्रयत्न केला आणि हात हलवत परतला. पुढे १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई घेतली, तेव्हा मुंबईच्या इंग्रजांचे धाबेच दणाणले. तटाबाहेर खंदक खणायचे ठरले आणि त्यासाठी शहरातल्या व्यापाऱ्यांनी ३०,००० रुपये वर्गणी काढली. फोर्टात फिरणाऱ्या मराठी माणसाला ‘यात आपले काय?’ असा प्रश्न पडत असेल, तर हा खंदक त्याचे उत्तर आहे. या कोटाच्या आकारावर मराठ्यांच्या भीतीची छाप आहे. तटाच्या आतला मूळ किल्ला, बॉम्बे कॅसल, आता नौदलाच्या ताब्यात आहे आणि तिथल्या तळाचे नाव आहे आयएनएस आंग्रे. बूनला हे पाहायला मिळायला हवे होते.

भिंतीच्या आत गोरे, पारशी, गुजराती व्यापारी आणि त्यांच्या वखारी. बाहेर ‘बाहेरकोट’, म्हणजे आजचे काळबादेवी, भुलेश्वर, मांडवी. १८०३ मध्ये कोटात मोठी आग लागली. त्यानंतर तटासमोरची जागा मोकळी ठेवण्यावर आणि लोकांना बाहेर वसवण्यावर भर आला. आझाद मैदान, क्रॉस मैदान, ओव्हल हे त्या मोकळ्या पट्ट्याचेच उरलेले तुकडे आहेत. तोफांच्या माऱ्यासाठी राखलेली जागा पुढे क्रिकेटला मिळाली. १५ ऑक्टोबर १८५७ रोजी सय्यद हुसेन आणि मंगल गाडिया या दोन शिपायांना यांतल्याच आझाद मैदानावर तोफेच्या तोंडी दिले गेले. त्यांना पकडणारा पोलीसप्रमुख चार्ल्स फोर्जेट. हॉर्निमन सर्कलची, म्हणजे तेव्हाच्या एल्फिन्स्टन सर्कलची, कल्पना याच फोर्जेटची. वॉक जिथून सुरू होतो ती देखणी कमानदार वर्तुळाकृती इमारतरांग आणि मैदानावरच्या त्या तोफा एकाच माणसाच्या कारकिर्दीत येतात. गाईडने हे सांगितले तर ऐकणारा पुढची इमारत जरा वेगळ्या नजरेने बघतो. पुढे त्या वर्तुळाला बॉम्बे क्रॉनिकलच्या संपादकाचे, हॉर्निमनचे, नाव मिळाले. गोराच, पण इंग्रज सरकारने हद्दपार केलेला.

१८६२ मध्ये बार्टल फ्रियर गव्हर्नर झाला आणि तट पाडायचे काम हाती घेतले गेले. शत्रू उरला नव्हता आणि कोटात श्वास घ्यायला जागा नव्हती. त्याच सुमारास, १८६३ मध्ये, गोविंद नारायण माडगांवकरांचे मुंबईचे वर्णन मराठीत छापले गेले. या शहराची मराठीतली पहिली सविस्तर सफर म्हणायची तर तीच. भिंत पडत असताना लिहिलेली.

तट पाडायला आणि त्या जागी इमारती उभ्या करायला जो पैसा खेळत होता, तो अमेरिकेतल्या यादवीने आणलेला. १८६१ ते १८६५ या काळात तिथला कापूस इंग्लंडच्या गिरण्यांना मिळेना, मुंबईच्या कापसाला सोन्याचा भाव आला. समुद्रात भराव घालणाऱ्या कंपन्यांचे पेव फुटले. बॅक बे कंपनीचा ५,००० रुपयांचा शेअर ५०,००० पर्यंत चढला. युद्ध संपताच सगळा डोलारा कोसळला. प्रेमचंद रायचंद यांनी तेजीच्या दिवसांत विद्यापीठाला ग्रंथालय आणि मनोऱ्यासाठी चार लाख दिले होते. त्यातून आईच्या नावाचा राजाबाई टॉवर १८७८ मध्ये पूर्ण झाला, तोवर तेजी कधीच इतिहासजमा झाली होती. ओव्हलच्या पूर्वेला हा टॉवर, हायकोर्ट, जुने सचिवालय अशी गॉथिक रांग आहे. ती बांधली तेव्हा पश्चिमेचा समुद्र बराच जवळ होता. समोरची आर्ट डेको घरे त्यानंतरच्या भरावावरची. या दोन रांगांना मिळून २०१८ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारशाचा मान मिळाला.

फ्लोरा फाउंटन १८६४ मधले, चर्च गेटच्या जागेवर बसवलेले. शेजारीच हुतात्मा स्मारक. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी इथे संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चावर गोळीबार झाला. काही वॉक कारंज्याच्या शिल्पाबद्दल दहा मिनिटे बोलतात आणि मशाल धरलेल्या शेतकरी-कामगाराला दोन वाक्यांत निकालात काढतात. हे मला कधीच पटलेले नाही.

तटाचा अस्सल तुकडा पाहायचा असेल तर सीएसएमटीच्या मागे सेंट जॉर्ज रुग्णालयाच्या आवारात जावे लागते. तिथे कोटाला पुढे जोडलेल्या फोर्ट जॉर्जच्या भिंतीचा अवशेष उभा आहे, काळ्या दगडाचा, जाडजूड. राज्याच्या पुरातत्त्व खात्याचे कार्यालय तिथेच आहे. नेहमीच्या वॉकच्या वाटेवर हा भाग नसतो, कारण तो हुतात्मा चौकापासून आडबाजूला पडतो.

कोटाची भिंत पडली, पण पुढच्या पन्नास वर्षांत शहराच्या पूर्वेला दुसरी उभी राहिली. ही गोदीची. एल्फिन्स्टन कंपनीने पूर्व किनाऱ्यावर भराव घालून बंदराच्या नाड्या हातात घेतल्या होत्या. सरकारने तिचा हक्क विकत घेतला आणि १८७३ मध्ये पोर्ट ट्रस्ट स्थापन झाला. ससून डॉक १८७५, प्रिन्सेस डॉक १८८०, मग व्हिक्टोरिया डॉक, १९१४ मध्ये अलेक्झांड्रा डॉक. शेवटच्या गोदीसाठी खणलेल्या मातीतून बॅलार्ड इस्टेट तयार झाली आणि तिला पोर्ट ट्रस्टच्या पहिल्या अध्यक्षाचे नाव दिले. बंदराची भरभराट झाली, पण कुलाब्यापासून वडाळ्यापर्यंतचा किनारा फाटके, पहारेकरी आणि उंच भिंतींच्या आड गेला. पोर्ट ट्रस्टकडे सुमारे १,८०० एकर जमीन. मरीन ड्राइव्हवर संध्याकाळी समुद्र बघणाऱ्या मुंबईकराला पूर्वेचा समुद्र जवळजवळ परकाच. त्याला दोनच मोठ्या खिडक्या राहिल्या, गेटवे आणि भाऊचा धक्का.

गेटवेची कमान मुळात स्वागतासाठीची. २ डिसेंबर १९११ रोजी पाचवा जॉर्ज इथे उतरला तेव्हा ती नव्हती. १९१३ मध्ये कोनशिला बसली आणि जॉर्ज विटेटच्या आराखड्यानुसार ती पुरी होऊन ४ डिसेंबर १९२४ रोजी खुली झाली. तोवर बॅलार्ड पिअरला बोटी थेट लागू लागल्या होत्या, म्हणजे दिमाखदार दरवाजा झाला आणि पाहुण्यांची वाट बदलली. २८ फेब्रुवारी १९४८ रोजी सॉमरसेट लाइट इन्फंट्रीची तुकडी याच कमानीखालून चालत जाऊन बोटीत बसली. स्वतंत्र भारतातून निघालेली ती शेवटची ब्रिटिश पलटण. शेजारच्या ताजबद्दल ‘उलटे बांधले म्हणून आर्किटेक्टने जीव दिला’ ही कहाणी अजून ऐकू येते. ती खोटी आहे. १९०३ च्या ताजचे मूळ दार मुद्दामच शहराच्या बाजूला होते, आज तिथे पोहण्याचा तलाव आहे.

भाऊच्या धक्क्याची गोष्ट अस्सल मराठी. लक्ष्मण हरिश्चंद्र अजिंक्य, लोकांचे ‘भाऊ’, या पाठारे प्रभू गृहस्थाने १८४० च्या सुमारास भराव घालून धक्का बांधला. मूळ धक्का पुढच्या भरावांत गडप झाला, नाव माझगावच्या धक्क्याने घेतले. कोकणातल्या चाकरमान्याची मुंबई इथून सुरू व्हायची. वळकटी, ट्रंक, फणस आणि बोट लागल्याने हिरवा पडलेला चेहरा घेऊन तो उतरायचा. १७ जुलै १९४७ रोजी, गटारीच्या दिवशी, इथून रेवसला निघालेली ‘रामदास’ काशाच्या खडकाजवळ उलटली आणि सहाशेहून जास्त माणसे गेली. रेवसच्या कोळ्यांनी होड्या घालून कित्येकांना वाचवले. रायगड-रत्नागिरीकडच्या जुन्या घरांत अजून ही आठवण निघते, हेरिटेज वॉकच्या पत्रकात मात्र सहसा नसते.

गोदीच्या भिंतीआड जे घडले त्यातले सर्वांत भीषण १४ एप्रिल १९४४ चे. व्हिक्टोरिया डॉकमध्ये उभ्या ‘फोर्ट स्टिकिन’ जहाजावर सुमारे १,४०० टन दारूगोळा, कापसाच्या गासड्या आणि सोन्याच्या विटा एकत्र भरलेल्या. कापसाला आग लागली, जहाज फुटले, आसपासच्या वस्त्या जळाल्या. अग्निशमन दलाचे ६६ जवान मृत्युमुखी पडले. देशभर १४ एप्रिलपासून पाळला जाणारा अग्निशमन सेवा सप्ताह त्यांच्याच स्मरणार्थ. सोन्याच्या विटा पुढे कितीतरी वर्षे गाळ काढताना सापडत राहिल्या. पुढे दोन वर्षांनी, फेब्रुवारी १९४६ मध्ये, नौसैनिकांचे बंड पेटले आणि कॅसल बराकीत गोळीबार झाला. ज्या जागी हे घडले तिथे आजही सर्वसामान्यांना जाता येत नाही.

म्हणून लाँच. गेटवेच्या पायऱ्यांशी लाँचेस एकीला एक लावून उभ्या असतात. आपली तिसरी असेल तर आधीच्या दोन ओलांडून जायचे, खलाशी दंडाला धरून पलीकडे ओढतो. वरच्या मजल्यावर बसायचे तर दहा-वीस रुपये वेगळे, ते तो बोट सुटल्यावर गोळा करतो. बोट जरा दूर गेली की ताज, यॉट क्लब आणि कमान एका ओळीत येतात आणि उत्तरेला नौदलाची गोदी दिसते. तिकडे कॅमेरे वळवू नका, असे सांगितले जाते. इथल्या जुन्या गोदीत वाडिया घराण्याने सागवानी जहाजे बांधली. १८४२ चा इंग्रज आणि चीन यांच्यातला नानकिंगचा तह ज्या ‘कॉर्नवॉलिस’वर झाला ती इथली, आणि १८१७ मध्ये पाण्यात सोडलेली ‘ट्रिंकोमाली’ इंग्लंडात हार्टलपूलला अजून तरंगते आहे. घारापुरीची लाँच पुढे जवाहर द्वीपाच्या तेलवाहू जहाजांजवळून जाते. साधारण तासाभराचा प्रवास. ज्या दगडी हत्तीवरून पोर्तुगीजांनी त्या बेटाला एलिफंटा म्हटले, तो हलवताना फुटला आणि आता राणीच्या बागेत आहे.

१९९५ मध्ये मुंबईत वारसा नियमावली लागू झाली, देशातली पहिली. १९९८ मध्ये काळा घोडा असोसिएशन उभी राहिली आणि १९९९ च्या आसपास वास्तुविशारदांनी चालवलेले फोर्टातले वॉक सुरू झाले. भिंतीच्या जागा पायी दाखवायची रीत तिथून रुजली. बंदराच्या बाजूला बदल उशिरा आला. १९८९ मध्ये पलीकडे न्हावा-शेवा बंदर सुरू झाले, मोठी मालवाहतूक तिकडे वळली आणि जुन्या गोद्या रिकाम्या होऊ लागल्या. २०२० पासून भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला गाड्या नेणारी रो-रो सुटते.

१८ डिसेंबर २०२४ रोजी घारापुरीकडे निघालेल्या प्रवासी बोटीला नौदलाच्या स्पीडबोटीची धडक बसली आणि पंधरा जण दगावले. तेव्हापासून लाइफ जॅकेट घालण्याचा आग्रह पहिल्यासारखा तोंडदेखला राहिलेला नाही. गेटवेवरची गर्दी कमी करायला कुलाब्यात रेडिओ क्लबजवळ नवी जेट्टी बांधायचे सरकारने ठरवले, तेव्हा रहिवाशांनी विरोध केला आणि प्रकरण उच्च न्यायालयात गेले. किनारा कुणाचा हा वाद या शहरात एल्फिन्स्टन कंपनीच्या वेळेपासून चालू आहे.