जवळा, करदी, सोडे: पाकीट उघडण्याआधी

"जवळ्यात कचकच का लागते हो?" असं आमच्याकडून सुका जवळा (अगदी बारीक कोळंबी) नेणारं कुणी आठवड्यातून एकदा तरी विचारतंच. उत्तर द्यायचं तर शंभरेक वर्षं मागे जावं लागेल.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वसई, सातपाटी, वर्सोव्याकडच्या कोळीवाड्यांत जवळा यायचा तो डोलीत. डोल म्हणजे लांबलचक, निमुळत्या पिशवीसारखं जाळं. तळात ठोकलेल्या खुंटांना ते बांधायचं, तोंड प्रवाहाकडे. मासळीमागे धावायचं नाही; भरती-ओहोटीचं पाणीच जवळा खोल्यात, म्हणजे जाळ्याच्या शेवटच्या बारीक विणीच्या पिशवीत आणून भरायचं. पाणी फिरायच्या बेताला तांडेल, म्हणजे होडीचा प्रमुख, जाळं उचलायचा. उधाणाला, म्हणजे अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीला, ओढ जोराची, म्हणून घबाड. भांगेला, म्हणजे अष्टमीच्या सुमारास भरती मंद असते तेव्हा, खलाशांचे हात रिकामे. जाळी सण नावाच्या झाडाच्या सुताची, कुजू नयेत म्हणून झाडाच्या सालीच्या काढ्यात बुडवलेली. होड्या शिडाच्या.

बर्फ नव्हता. जवळा तर काही तासांतच उतरतो. जवळच्या बाजारात खपेल तेवढा ओला जायचा, बाकी सगळा बायकांच्या हवाली. शेणाने सारवलेल्या खळ्यावर नाहीतर सरळ पुळणीवर, किनाऱ्याच्या वाळूतच पसरायचा, खराट्याने उलटायचा. तुमची कचकच तिथली! जीव एवढासा की कडक उन्हात मिठाशिवायच वाळतो. त्या काळी मिठावर सरकारी कर होता, तेव्हा ही सोय लहान नव्हती. वाळलेली सुकट टोपलीतून आतल्या गावांत जायची, बदल्यात भात यायचं.

सोड्यांचं काम वेगळं: कोळंबी एकेक सोलायची, मग वाळवायची. सोडे महाग का, हे एकदा पाटभर कोळंबी सोलून बघितलं की पुन्हा विचारावंसं वाटत नाही.

१९५० नंतर इंजिनं आली, मग नायलॉनची जाळी. उन्हाला मात्र आम्हाला अजून पर्याय सापडलेला नाही. आम्ही जमिनीऐवजी उंचावर ताणलेल्या जाळीवर वाळवतो, तरी जवळा निवडून, दोन पाण्यांतून काढून घ्याच. आधी कोरडाच मंद आचेवर भाजलात तर वास कमी होतो. गोव्याकडची गिऱ्हाईकं त्याची किसमूर (खोबरं घातलेली कोशिंबीर) करतात; आम्ही कांदा, कोकम आणि भाकरीवाले.

करदी जवळ्याहून मोठी, मिशांची. मिशा चुरून पाखडा. रंग फिका गुलाबी असतो, लालभडक दिसली तर घेऊ नका, आमच्याकडचीसुद्धा. नाकात झोंबणारा वास आला तर पाकीट परत आणा. पावसाळ्यात डबा घट्ट लावा आणि ऊन पडेल त्या दिवशी ताटात पसरून ठेवा.